एना शार्पल्सचा नातू रॉकस्टार कसा झाला

१९६७ सालात अमेरिकेतल्या अल्बमांच्या खपाच्या यादीत एकाच बँडचे चार अल्बम पहिल्या क्रमांकावर येऊन गेले. बँडचं नाव द मंकीज. गंमत अशी की दोन वर्षांपूर्वी हा बँड अस्तित्वातच नव्हता. एका टीव्ही मालिकेत बँडवाल्यांची कामं करायला चार पोरं हवी होती, कंपनीनं ती निवडली, आणि मालिका सुरू होऊन वर्ष उलटायच्या आत ती पोरं खरोखरच स्टेडियमं भरवू लागली. पोरींच्या किंकाळ्या सर्वांत जास्त ज्याच्या नावानं निघायच्या, तो मँचेस्टरचा डेव्ही जोन्स. उंची पाच फूट तीन इंच, चेहरा शाळकरी, हातात खुळखुळे नाहीतर डफलीसारखं टँबरीन.

मंकीज हा 'खोटा' बँड, अशी तेव्हा ओरड झाली. आजही त्यांचं नाव निघालं की कुणीतरी हे ऐकवतोच. या आरोपात तथ्य किती, हे समजून घ्यायला डेव्ही जोन्सच्या आयुष्याइतकी सोपी वाट नाही. चौघांमध्ये तो एकटाच आपण नट आहोत हे कधी विसरला नाही. रॉकस्टार ही त्याला मिळालेली एक भूमिका होती. ती फारच चालली, आणि मग जन्मभर तीच करावी लागली. आपल्या नटांना हे दुखणं नवं नाही.

गल्लीतली मालिका

डेव्हिड थॉमस जोन्स जन्मला ३० डिसेंबर १९४५ ला, मँचेस्टरच्या ओपनशॉ या कामगार वस्तीत. वडील रेल्वेत फिटर. आई तो चौदा वर्षांचा असताना गेली.

अशा घरातला मुलगा टीव्हीवर कसा पोचला, हे कळायला तेव्हाच्या ब्रिटिश टीव्हीची रचना थोडी पाहावी लागते. प्रेक्षकांसमोर दोनच पर्याय होते. एक बीबीसी, जाहिरातींशिवाय चालणारं. दुसरं आयटीव्ही, जाहिरातींवर चालणारं. आयटीव्ही म्हणजे एक कंपनी नव्हती. देशाचे विभाग पाडून प्रत्येक विभाग वेगळ्या कंपनीला दिलेला होता. उत्तर इंग्लंडचा वाटा ग्रनाडा या कंपनीकडे होता आणि तिचा स्टुडिओ मँचेस्टरमध्येच होता. ९ डिसेंबर १९६० ला ग्रनाडानं 'कॉरोनेशन स्ट्रीट' ही मालिका सुरू केली. टोनी वॉरन यांनी रचलेली ही मालिका सॅलफर्डसारख्या एका काल्पनिक गावातल्या एका गल्लीची: एकमेकांना चिकटलेली विटांची घरं, कोपऱ्यावरचा पब, आणि दिवसभर एकमेकांच्या उंबरठ्यावर चालणाऱ्या उखाळ्यापाखाळ्या. ही मालिका अजून चालू आहे. जगात सर्वांत जास्त काळ चाललेली म्हणून तिची गिनेसमध्ये नोंद आहे.

उत्तरेकडच्या कामगारांची बोली त्याआधी ब्रिटिश पडद्यावर बहुधा विनोदापुरती येत असे. इथे ती नायिकेच्याही तोंडी होती. मग अशी बोली बोलणारे नट कुठून आणायचे? अर्थातच आसपासच्या नाटक कंपन्यांतून आणि शाळांतून. लंडनला न जाता टीव्हीवर दिसण्याची सोय मँचेस्टरच्या पोरांना अशी घरबसल्या झाली.

मालिकेतली सर्वांत गाजलेली म्हातारी म्हणजे एना शार्पल्स. डोक्यावर केसांची जाळी, तोंडात तिखट जीभ, गल्लीतल्या प्रार्थनागृहाची राखणदार. व्हायोलेट कार्सन यांनी ती अशी उभी केली की ब्रिटनमध्ये आजही एखाद्या खडूस आजीला लोक हे नाव चिकटवतात. ६ मार्च १९६१ च्या भागात या एनाबाईंचा नातू कॉलिन लोमॅक्स येऊन जातो. तो होता पंधरा वर्षांचा डेव्ही जोन्स. काम एका भागापुरतं.

हा एकच पोरगा या गल्लीतून रॉकच्या रस्त्याला लागला असं नाही. त्याच वर्षी लेन फेअरक्लो या पात्राच्या मुलाचं काम पीटर नून नावाच्या मुलानं केलं. तो पुढे हर्मन्स हर्मिट्स या बँडचा गायक झाला, आणि १९६५ मध्ये त्याची दोन गाणी अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेली. दोन्ही गाणी त्यानं ठसठशीत इंग्रजी उच्चारांत म्हटली होती. बीटल्सनंतर अमेरिकेला इंग्लंडच्या उत्तरेची बोली ऐकायची चटकच लागली होती. मालिकेनं जी बोली पडद्यावर आणली, तीच आता समुद्रापार पैसे मिळवून देत होती.

घोडे, चोरटा पोरगा आणि बीटल्स

डेव्ही मात्र मधेच भलतीकडे गेला. अभिनय बाजूला ठेवून तो न्यूमार्केटला, म्हणजे इंग्लंडच्या घोडेशर्यतींच्या राजधानीत, बेसिल फॉस्टर या प्रशिक्षकाकडे शिकाऊ जॉकी म्हणून राहिला. उंची आणि वजन या धंद्याला अगदी साजेसं. घोड्यांचं हे वेड आयुष्यभर टिकलं, गाण्यापेक्षाही घट्ट, असं माझं मत आहे.

त्याला तबेल्यातून परत रंगमंचावर ढकललं ते फॉस्टर यांनीच. नाटकधंद्यातल्या एका ओळखीच्या माणसाला लहान चणीचा, गाणारा पोरगा हवा होता, आणि फॉस्टरनी आपल्या शिकाऊ जॉकीचं नाव पुढे केलं. डिकन्सच्या कादंबरीवरून लायनेल बार्ट यांनी केलेलं 'ऑलिव्हर!' हे संगीत नाटक तेव्हा लंडनमध्ये जोरात चाललं होतं. त्यातला आर्टफुल डॉजर, म्हणजे पाकीटमार पोरांचा चतुर म्होरक्या, हे काम डेव्हीला मिळालं. १९६३ मध्ये नाटक न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर गेलं, तो सोबत गेला, आणि सतराव्या वर्षी टोनी या ब्रॉडवेच्या नाट्यपुरस्काराचं नामांकन मिळवून बसला. पुरस्कार मिळाला नाही. पण नाचणं, गाणं, विनोदाची वेळ साधणं आणि मागच्या रांगेपर्यंत आवाज पोचवणं, हे सगळं त्याच्या अंगात मुरलं ते इथेच. पुढे लोक त्याला रॉकच्या मापानं मोजायला निघाले, तेव्हा हा पाया कुणी लक्षात घेतला नाही.

मग आला ९ फेब्रुवारी १९६४. अमेरिकेत दर रविवारी रात्री एड सलिव्हन यांचा कार्यक्रम असायचा: गायक, जादूगार, विनोदवीर, नाटकातले प्रवेश, सगळं एका ताटात. त्या रात्री 'ऑलिव्हर!'च्या मंडळींनी आपल्या नाटकातली गाणी सादर केली, आणि त्यांत डेव्ही होता. त्याच कार्यक्रमात बीटल्स पहिल्यांदा अमेरिकेच्या टीव्हीवर थेट गायले. जवळपास ७ कोटी ३० लाख लोकांनी तो कार्यक्रम पाहिला. डेव्हीनं तो विंगेत उभं राहून पाहिला. पोरी वेड्यापिशा झालेल्या त्याला दिसल्या, आणि यातलं थोडं आपल्यालाही हवं असं तेव्हाच मनात आलं, हे तो पुढे अनेक मुलाखतींत सांगत असे.

कोलंबिया पिक्चर्सच्या टीव्ही शाखेनं, स्क्रीन जेम्सनं, त्याला करारात बांधून घेतलं. इकडेतिकडे मालिकांत पाहुण्याची कामं, आणि १९६५ मध्ये एकट्याचा एक अल्बम. त्यातलं एक गाणं यादीत कसंबसं ९३ व्या क्रमांकापर्यंत चढलं. एवढ्याशा प्रसिद्धीचाही एक दूरचा परिणाम झाला. लंडनमध्ये डेव्ही जोन्स याच नावाचा आणखी एक धडपड्या गायक होता. नावांचा घोळ नको म्हणून त्यानं आडनाव बदललं आणि जानेवारी १९६६ मध्ये नव्या नावानं पहिली रेकॉर्ड काढली. तो डेव्हिड बोवी.

चार वेडी पोरं

बॉब राफेलसन आणि बर्ट श्नायडर या दोन तरुण निर्मात्यांच्या डोक्यात एक मालिका होती. बीटल्सनी १९६४ च्या आपल्या चित्रपटात जो पळापळीचा, खोडसाळ धुमाकूळ घातला होता, तोच दर आठवड्याला घरच्या टीव्हीवर आणायचा. सप्टेंबर १९६५ मध्ये हॉलीवूडच्या धंदेवाईक वर्तमानपत्रांत त्यांनी जाहिरात दिली: १७ ते २१ वयाची चार वेडी पोरं हवीत. ४३७ जण आले.

जाहिरातीतून बँड निवडला गेला ही कथा सांगायला छान आहे, पण पुरती खरी नाही. डेव्ही कंपनीच्या करारात आधीपासून होता, त्यामुळे त्याची जागा जवळपास ठरलेली होती. मिकी डोलेंझ हा जुना बालनट, तो एजंटकरवी आला. पीटर टॉर्कला त्याचा मित्र स्टीव्हन स्टिल्सनं पाठवलं. स्टिल्स स्वतः निवडला गेला नव्हता आणि पुढे स्वतःच्या हिमतीवर मोठा रॉक संगीतकार झाला. जाहिरात वाचून आलेला एकटा मायकेल नेस्मिथ. तो आणि टॉर्क सराईत वादक होते, डोलेंझ आणि जोन्स सराईत नट. चौघांनी मालिकेत आपापलीच नावं वापरली. पुढचा सगळा गोंधळ इथेच पेरला गेला, कारण पात्र कुठे संपतं आणि माणूस कुठे सुरू होतो हे प्रेक्षकांना कळायला मार्गच उरला नाही.

वाद्यंही भूमिकेसारखी वाटली गेली. सांगतात की डेव्हीला ड्रम बऱ्यापैकी वाजवता यायचे, पण ड्रमच्या मागे बसला तर कॅमेऱ्याला दिसणारच नाही, म्हणून ड्रम डोलेंझकडे गेले. त्याला ते मुळातून शिकावे लागले. डेव्हीला टँबरीन देऊन पुढे उभं केलं गेलं. कुणी पोरगी आवडली की त्याच्या डोळ्यांत चांदण्या चमकायच्या. हा मालिकेतला ठरलेला विनोद होता.

१२ सप्टेंबर १९६६ ला अमेरिकेच्या एनबीसी वाहिनीवर मालिका सुरू झाली. दोन हंगामांत ५८ भाग झाले, आणि १९६७ मध्ये सर्वोत्तम विनोदी मालिकेचा एमी पुरस्कारही मिळाला. पहिलं गाणं 'लास्ट ट्रेन टू क्लार्क्सव्हिल' पहिल्या क्रमांकावर गेलं. नील डायमंडनं लिहिलेलं 'आय ॲम अ बिलिव्हर' तर वर्ष उलटताना सात आठवडे तिथेच होतं.

गाण्याचा पैसा कुणाच्या खिशात

आता जरा किचकट भाग. पण तो समजल्याशिवाय 'खोटा बँड' हा आरोप कळत नाही.

एका रेकॉर्डमध्ये दोन वेगवेगळ्या मालमत्ता असतात. एक म्हणजे गाणं: चाल आणि शब्द. त्यावर हक्क गीतकार-संगीतकाराचा आणि त्याच्या प्रकाशकाचा. दुसरी म्हणजे ध्वनिमुद्रण: अमुक गायकानं अमुक दिवशी गायलेला तो ठरावीक आवाज. त्यावर हक्क बहुधा रेकॉर्ड कंपनीचा, आणि गायकाला करारात ठरलेला वाटा. रेकॉर्ड विकली गेली की दोन्हीकडे पैसे जातात. रेडिओवर वाजली तर मात्र अमेरिकेत नियम वेगळा. तिथली नेहमीची रेडिओ स्टेशनं गाणं लिहिणाऱ्याला आणि प्रकाशकाला पैसे देतात. गायकाला आणि वादकांना काही नाही. हा नियम आजही तसाच आहे. म्हणजे 'डेड्रीम बिलिव्हर' अमेरिकेच्या रेडिओवर हजारो वेळा वाजलं त्याचा मोबदला ते लिहिणाऱ्या जॉन स्ट्युअर्टकडे आणि प्रकाशकाकडे गेला. ज्याच्या आवाजामुळे लोक रेडिओचा आवाज वाढवायचे त्या डेव्हीला त्या वाजण्याचे पैसे नाहीत.

मराठी वाचकाला हा प्रश्न अनोळखी वाटू नये. त्याच दशकात आपल्याकडे लता मंगेशकर यांनी गायकांनाही रेकॉर्डच्या उत्पन्नात वाटा मिळावा असा आग्रह धरला होता. मोहम्मद रफी यांना तो पटला नाही, आणि काही काळ दोघांनी एकत्र गाणं थांबवलं होतं.

आता हे गणित कोलंबिया पिक्चर्सच्या बाजूनं पाहा. मालिका त्यांच्या स्क्रीन जेम्सची. रेकॉर्ड काढायला आरसीए या रेकॉर्ड कंपनीच्या जोडीनं उभं केलेलं कोलजेम्स हे लेबल त्यांचं. आणि गाण्यांच्या प्रकाशनाची शाखाही त्यांचीच. तिचा कारभार डॉन कर्शनर यांच्याकडे होता. न्यूयॉर्कमध्ये पगारी गीतकारांची फौज बाळगणारी आपली कंपनी त्यांनी १९६३ मध्ये कोलंबियाला विकली होती. कॅरोल किंग आणि जेरी गॉफिन यांच्यासारखे लोक त्या फौजेत होते. मालिकेच्या भागात गाणं वाजायचं, म्हणजे दर आठवड्याला अर्धा तास फुकटची जाहिरात. मालिका रेकॉर्ड खपवणार, रेकॉर्ड मालिका खपवणार, आणि गाणं आपल्याच गीतकाराचं असल्यामुळे प्रकाशनाचा पैसाही घरातच राहणार. बँडमधल्या पोरांनी स्वतः गाणी लिहायला सुरुवात केली तर या साखळीतली सर्वांत फायद्याची कडी निसटते. वाद्यांवरून जे भांडण पेटलं त्याच्या तळाशी हे होतं.

एखादं गाणं लिहून काय साधतं याचं एक उदाहरण डेव्हीच्याच आवाजातलं आहे. हॅरी निल्सन नावाचा तरुण लॉस एंजेलिसमध्ये रात्रपाळीला बँकेत काम करून उरल्या वेळात गाणी लिहायचा. त्याचं 'कडली टॉय' मंकीजनी १९६७ मध्ये घेतलं, डेव्हीनं गायलं, आणि निल्सननं बँकेची नोकरी सोडली.

वाजवलं कोणी

मालिकेची पहिली दोन अल्बमं आली तेव्हा आवाज चौघांचे होते, वाद्यं मात्र बहुतांशी भाड्याच्या वादकांची. लॉस एंजेलिसमध्ये अशा कसलेल्या वादकांचा एक गट होता, ज्याला पुढे रेकिंग क्रू म्हटलं जाऊ लागलं. त्या काळच्या असंख्य गाजलेल्या रेकॉर्डवर हेच लोक वाजवत असत. बीच बॉइजच्या गाण्यांवरही, बर्ड्सच्या पहिल्या गाजलेल्या गाण्यावरही. स्टुडिओचं भाडं तासावर असतं, आणि हे लोक तीन तासांत तीन-चार गाणी चोख वाजवून मोकळे व्हायचे. यात लपवाछपवी होती, पण ती सगळ्या धंद्याची होती. मंकीज चोवीस तास कॅमेऱ्यासमोर गिटार घेऊन उभे असायचे, म्हणून ते पकडले गेले.

आपल्याला हे वाचून थोडं हसू येतं. पडद्यावर ओठ हलवणारा एक, गाणारा दुसरा आणि वाजवणारे पन्नास, हे आपल्या सिनेमात सगळ्यांना ठाऊक असतं आणि कुणालाच खटकत नाही. उलट पार्श्वगायकाची वेगळी कीर्ती होते. अमेरिकेत आणि ब्रिटनमध्ये मात्र नेमक्या त्याच दोन-तीन वर्षांत नियम बदलत होता. बीटल्स आणि बॉब डिलन यांच्यामुळे असं ठरू लागलं होतं की खरा कलाकार तोच, जो आपलं गाणं आपण लिहितो आणि आपण वाजवतो. १९६२ मध्ये मंकीजना कुणी हा प्रश्न विचारला नसता. १९६७ मध्ये तोच प्रश्न वर्तमानपत्रांत मथळा होऊन आला.

आतून सर्वांत जास्त धुमसत होता नेस्मिथ. दुसरा अल्बम निघाल्याचं चौघांना तो दुकानात आल्यावर कळलं, यानं तो आणखी भडकला. जानेवारी १९६७ मध्ये बेव्हर्ली हिल्सच्या हॉटेलात कर्शनर आणि कंपनीच्या वकिलासमोर त्यानं रागानं भिंतीत मुठीनं भोक पाडलं, आणि ही भिंत तुमचं तोंड असू शकली असती अशा अर्थाचं काहीतरी ऐकवलं.

या भांडणात डेव्ही कुठे होता? मधेच कुठेतरी. कर्शनरनी त्याला न्यूयॉर्कला बोलावून तयार वाद्यसाथीवर नवी गाणी गाऊन घेतली, आणि तो गायला. नाटकातल्या नटाला हे वावगं वाटायचं कारण नव्हतं. ब्रॉडवेवर कुणी नटाला तू मंचापुढच्या खड्ड्यात बसलेल्या वाद्यवृंदातलं व्हायोलिनही वाजवतोस का असं विचारत नाही. पुढे कर्शनरनी त्यातली दोन गाणी परवानगीशिवाय कॅनडात काढली आणि या कारणावरून त्यांची हकालपट्टी झाली. तोवर डेव्हीही बाकी तिघांबरोबर उभा होता. कर्शनरनी धडा घेतला. त्यांचा पुढचा बँड होता द आर्चीज. व्यंगचित्रातली पात्रं, म्हणजे वाद घालण्याचा प्रश्नच मिटला. १९६९ मध्ये त्यांचं 'शुगर, शुगर' पहिल्या क्रमांकावर गेलं.

मे १९६७ मध्ये आलेला 'हेडक्वार्टर्स' हा अल्बम चौघांनी बऱ्याच अंशी स्वतः वाजवला. डेव्हीच्या वाट्याला टँबरीन, खुळखुळे असली तालवाद्यं. ऐकताना कुठे ताल किंचित डळमळतो, आणि तेच त्याचं आकर्षण आहे. तो एक आठवडा पहिल्या क्रमांकावर राहिला. मग बीटल्सचा 'सार्जंट पेपर' आला, आणि 'हेडक्वार्टर्स' अकरा आठवडे दुसऱ्या जागी अडकून पडला.

आणि हो, त्या वर्षी मंकीजनी बीटल्स आणि रोलिंग स्टोन्स दोघांना मिळून रेकॉर्डच्या खपात मागे टाकलं, असं एक वाक्य अजून छापलं जातं. ती थाप होती. नेस्मिथनंच एका मुलाखतकाराची फिरकी घेतली होती आणि बऱ्याच वर्षांनी आपल्या आत्मचरित्रात ते सांगून टाकलं.

वाजवता येत नाही या आरोपाला खरं उत्तर कार्यक्रमांतून मिळत होतं. डिसेंबर १९६६ पासून ते रंगमंचावर स्वतःच वाजवत होते. वाजवलेलं ऐकू यायचं की नाही हा प्रश्न वेगळा. जुलै १९६७ च्या दौऱ्यात आधी गायला त्यांनी जिमी हेंड्रिक्सला घेतलं होतं. गिटारचा तो चमत्कार मंचावर असताना समोरच्या बारा-तेरा वर्षांच्या मुली डेव्हीच्या नावानं घोषणा देत होत्या. काही कार्यक्रमांनंतर हेंड्रिक्स दौरा सोडून गेला, यात नवल नाही.

'डेड्रीम बिलिव्हर' त्याच उन्हाळ्यातलं. सुरुवातीचा तो ओळखीचा पियानो टॉर्कचा, गिटार नेस्मिथची. अल्बमवरच्या आवृत्तीत गाण्याआधी थोडं बोलणं ऐकू येतं. हा कितवा टेक असं डेव्ही विचारतो, निर्माता चिप डग्लस सांगतो, बाकीचे एका सुरात ओरडतात, आणि डेव्ही वैतागतो. मग गाणं सुरू होतं, आणि वैतागाचा मागमूस उरत नाही. नाटकातली तालीम अशी कामाला येते.

भूमिका संपल्यावर

मार्च १९६८ मध्ये मालिका बंद झाली. त्याच वर्षी त्यांचा 'हेड' हा चित्रपट आला आणि आपटला. वर्षअखेरीस टॉर्क बाहेर पडला, १९७० मध्ये नेस्मिथ. त्या काळातला शेवटचा अल्बम डोलेंझ आणि जोन्स या दोन नटांनीच पुरा केला. बँड मोडला तेव्हा डेव्ही अजून पंचविशीतही नव्हता. लग्न झालं होतं, मुलगी होती, आणि चाहत्या नाराज होतील म्हणून हे दोन्ही बराच काळ झाकून ठेवलं होतं.

पुढची वर्षं धडपडीची. १९७१ मध्ये 'द ब्रेडी बंच' या लोकप्रिय मालिकेत तो डेव्ही जोन्स याच नावाने आला: शाळकरी मुलीनं आपल्या नाचाच्या कार्यक्रमाला बोलावलेला प्रसिद्ध गायक. अमेरिकेत एका पिढीला तो या एका भागामुळेच आठवतो. सत्तरच्या दशकाच्या शेवटी लंडनच्या रंगभूमीवर निल्सनच्याच एका संगीत नाटकात त्यानं डोलेंझबरोबर काम केलं. नाटकात तो कायम रमला.

मग फेब्रुवारी १९८६ मध्ये एमटीव्हीनं मालिकेचे जुने भाग दिवसभर लागोपाठ दाखवले, आणि वीस वर्षांपूर्वी जन्मलेलीही नसलेली मुलं मंकीजच्या मागे लागली. विचार केला तर हे साहजिक होतं. गाण्याबरोबर पळापळीची, उड्यामारू दृश्यं जोडायची, हे एमटीव्हीचं सगळं भांडवल, आणि ते ही मालिका १९६६ मध्येच करत होती. जोन्स, डोलेंझ आणि टॉर्क दौऱ्यावर निघाले आणि थांबत-थांबत, भांडत-भांडत पंचवीस वर्षं निघत राहिले. शेवटचा एकत्र दौरा २०११ चा.

मधल्या काळात घोडे होतेच. १ फेब्रुवारी १९९६ ला, वयाच्या पन्नाशीत, इंग्लंडमधल्या लिंगफील्डच्या मैदानावर हौशी स्वारांच्या शर्यतीत तो डिगपास्ट नावाच्या घोड्यावर बसला आणि जिंकला. शिकाऊ जॉकी म्हणून न्यूमार्केट सोडल्याला तेव्हा पस्तीसेक वर्षं झाली होती. कुठलंही गाणं पहिल्या क्रमांकावर गेल्याचा आनंद त्याला इतका झाला असेल का, याची मला शंका आहे.

२९ फेब्रुवारी २०१२ ला फ्लोरिडात, जिथे त्यानं आपले घोडे ठेवले होते त्या भागात, हृदयविकाराच्या झटक्यानं तो गेला. वय ६६. टॉर्क २०१९ मध्ये गेला, नेस्मिथ २०२१ मध्ये. क्लीव्हलंडच्या रॉक अँड रोल हॉल ऑफ फेमनं मंकीजना आजवर आत घेतलेलं नाही.

डेव्हीला रॉक संगीतकार म्हणावं का, हा वाद घालायचाच असेल तर दोन गोष्टी ऐका-पाहा. एक, १९६७ चं 'स्टार कलेक्टर'. गॉफिन-किंग यांचं गाणं, डेव्हीचा आवाज, आणि शेवटाकडे मूग सिंथेसायझरचे विचित्र सूर. हे वाद्य रॉकच्या रेकॉर्डवर तेव्हा अगदी नवं होतं. दुसरं, आपटलेल्या 'हेड'मधलं निल्सनचं 'डॅडीज साँग'. काळ्या पार्श्वभूमीवर पांढरा सूट, पांढऱ्यावर काळा, क्षणाक्षणाला अदलाबदल, आणि त्यात डेव्ही टोनी बेसिल या नर्तिकेबरोबर जुन्या रंगभूमीच्या थाटात नाचतोय. नाच संपवून तो बाहेर येतो तर समोर गाय घेऊन उभा असतो फ्रँक झॅपा, रॉकमधला सर्वांत तिरकस माणूस. नाचावर मेहनत घेतलेली दिसते, पण संगीताला अजून थोडा वेळ दे, असं झॅपा त्याला गंभीर चेहऱ्यानं सांगतो. अमेरिकेची तरुण पिढी तुझ्यावरच अवलंबून आहे.